डी नोव्हो, म्हणजे नव्याने

मुलाला घेऊन कुठल्याही दवाखान्यात गेलो की एक प्रश्न ठरलेला असायचा. "लग्न नात्यातलं आहे का?" मी हो म्हणायचो. माझी बायको माझ्या सख्ख्या मामाची मुलगी. आमच्या परभणीकडे याला कुणी मुद्दाम नात्यातलं लग्न म्हणत नाही, नुसतं लग्नच म्हणतात. भावाची लेक सून म्हणून मागणं हा बहिणीचा हक्क समजला जातो आणि माझ्या आईनं तो हक्क बजावला होता. घरात सगळ्यांना आनंद झाला होता, मला तर फारच. पण डॉक्टरांच्या टेबलासमोर तेच उत्तर गुन्हा कबूल केल्यासारखं तोंडातून निघायचं. डॉक्टर मान हलवायचे, कागदावर काहीतरी लिहायचे आणि पुढच्या प्रश्नाकडे जायचे. त्या हललेल्या मानेचा अर्थ लावण्यात माझी उमेदीची सगळी वर्षं गेली.

मुलगा आता पंचविशी ओलांडून गेला आहे. त्याची हाडं जन्मापासून ठिसूळ आहेत. डोळ्यांच्या पांढऱ्या भागाला फिकट निळी झाक आहे, उंची माझ्या छातीइतकी, आणि पुन्हा पुन्हा मोडून जुळलेल्या नडग्या थोड्या बाहेर वाकल्या आहेत. सेलूला स्टेशनच्या रस्त्यावर त्याचं ऑनलाइन सेंटर आहे. दाखले, पीकविमा, रेल्वेची तिकिटं, परीक्षांचे अर्ज असलं सगळं तिथं होतं. खुर्चीत बसला की तो कुणापेक्षा कमी दिसत नाही आणि बोलायला लागला की गिऱ्हाईक आपलं काम विसरून हसत बसतं. मागची दोन चाकं जादा लावलेली स्कूटर घेऊन तो गावभर फिरतो. मीच त्याच्याकडे बघून रोज थोडा वाकत आलो.

त्याचं पहिलं हाड माझ्या आईच्या हातून मोडलं. तेव्हा तो सव्वा महिन्याचा होता. आमच्याकडे बाळाला न्हाऊ घालणारी बाई मोरीत पाय लांब करून बसते, बाळाला नडग्यांवर पालथं घालते, तेल जिरवते, हातपाय तिरपे ताणते आणि शेवटी दोन्ही पाय धरून क्षणभर उलटं लोंबवते. त्यानं पोर सरळ आणि उंच होतं असं समजतात. गल्लीतली निम्मी पोरं आईच्या हाताखालून गेलेली. त्या दिवशी मांडीतून काडी मोडल्यासारखा आवाज आला आणि बाळ वेगळंच रडलं. त्यानंतर आईनं एकाही बाळाला न्हाऊ घातलं नाही. बाया बोलवायला आल्या की "मनगट दुखायलंय गं माझं" म्हणते. ते मनगट अजून दुखतंच आहे.

पुढचं माझ्या हातून. तो नुकता चालायला लागलेला. मागून टेम्पो आला म्हणून मी त्याला दंडाला धरून बाजूला ओढलं. टेम्पो निघून गेला आणि दंड माझ्या मुठीत वाकला. कुणीही बाप तेच करील असं मला सगळ्यांनी समजावलं. मी ते ऐकून घेतलं, मानलं मात्र नाही.

मग एका डॉक्टरीणबाईंनी आम्हा तिघांना उभं करून अशा लेकराला उचलायचं कसं ते शिकवलं. काखेत हात घालून उचलायचं नाही. लंगोट बदलताना घोटे धरून पाय वर करायचे नाहीत. एक पंजा मानेखाली, एक ढुंगणाखाली, बोटं पसरलेली, आणि लेकरू ज्यावर पडलंय ते अंथरूणच उचलतोय असं समजून सावकाश वर. बायको दोन दिवसांत शिकली. आई रोज माझ्यामागं उभी राहून "बोटं पसर, बोटं" म्हणायची, पण स्वतः हात लावायची नाही.

हाडं जुळत गेली. सलाईनमधून औषध देत गेले, शाळा बुडत गेली, तरी तो पास होत गेला. मी हायस्कूलात मराठी शिकवतो. वर्गात बाकीच्यांची उड्या मारणारी मुलं बघून घरी यायचो आणि मनात पुन्हा तोच हिशोब मांडायचो. मामाच्या घरात मी लहानपणापासून जात होतो. ती मला आवडत होती. आईनं मागणी घातली तेव्हा मी नुसती मान खाली घातली, आणि आमच्याकडे मुलानं मान खाली घालणं म्हणजे होकार असतो. मी नाही म्हणालो असतो तर मामाला दुसरा जावई मिळाला असता, मला दुसरी बायको, आणि हा मुलगा या हाडांसकट कुणालाच झाला नसता. विचार इथपर्यंत आला की मला भीती वाटायची, कारण मग त्याच्या नसण्याची इच्छा केल्यासारखं व्हायचं.

रक्ताची जनुकीय तपासणी करायची हे आमच्यापैकी कुणी सुचवलं नाही. मुलानंच सांगितलं.

सेलूतल्या एका जिनिंगच्या ऑफिसात बिलं करणारी एक मुलगी आहे. मूळ पोखर्णीची, इथं मावशीकडे राहून नोकरी करते. जातीचा दाखला काढायला त्याच्या सेंटरवर आली होती. दाखला निघाला तरी तिचं येणं थांबलं नाही. दोघांनी ठरवलं आणि आम्हाला सांगितलं. आम्हाला तर स्वप्नातही असं काही मागायचं धाडस नव्हतं. तिचे वडील पोखर्णीचे शेतकरी. ते आमच्या घरी आले, चहा घेतला, मुलाशी बऱ्यापैकी बोलले आणि जाताना मला म्हणाले, "सर, पोरगं हुशार हाय. त्याच्या पायाचं मला काई न्हाई. पण हे रक्तातलं हाय का? उद्या लेकराबाळांत उतरंल का? तेवढं कळाल्याबिगर मी हो म्हणणार न्हाई." मी म्हणालो, बघतो. महिने गेले. शेवटी मुलगाच म्हणाला, "बाबा, तुम्ही काय बघायलात? बघायची एक पद्धत असती." त्यानंच संभाजीनगरच्या एका तपासणी केंद्राची वेळ घेतली. तिथं आम्हा तिघांचं रक्त काढलं.

अहवाल आल्यावर समजावून सांगायला एक बाई होत्या. वयानं लहान, बोलणं शांत. त्यांनी मला विचारलं, "सर, तुम्ही शिक्षक ना? मग तुम्हाला पटकन कळेल." त्या म्हणाल्या, की शरीरात हाडांना बळ देणारं एक प्रथिन असतं, ते कसं विणायचं याची कृती प्रत्येकाकडे दोन प्रतींत असते, एक आईकडून आलेली, एक वडिलांकडून. फळ्यावर बरोबर लिहिलेलं असतं आणि एखादा विद्यार्थी उतरवून घेताना एका अक्षराची चूक करतो, तसं इथं एका प्रतीत एक अक्षर बदललं आहे. "तुमच्या रक्तात हा बदल नाही. ताईंच्या रक्तात नाही. तो तुमच्या मुलात पहिल्यांदा दिसतो. याला आम्ही डी नोव्हो म्हणतो. नव्यानं झालेला."

मी विचारलं, "म्हणजे नात्यातल्या लग्नामुळं?"

"नाही. नात्यातल्या लग्नात भीती असते ती वेगळ्या आजारांची. तिथं आई आणि वडील दोघांकडे तीच बदललेली प्रत लपलेली असते आणि मुलाकडे दोन्ही येतात. काहींची हाडं तशीही ठिसूळ होतात, म्हणून तुम्हाला सगळे तो प्रश्न विचारत होते. तुमच्या मुलाचं तसं नाही. तुम्ही दोघं एकमेकांचे कुणी नसतात तरी हे होऊ शकलं असतं."

त्या पुढंही बोलत होत्या. खुर्ची मुलाकडे वळवून, कागदावर गोल आणि चौकोन काढून बोलत होत्या. मी तिथंच बसलो होतो, माझे कान चांगले आहेत. पण माझ्या कानांत 'तुम्ही दोघं एकमेकांचे कुणी नसतात तरी' एवढंच फिरत होतं. मी बायकोकडे बघितलं. ती पदराचं टोक बोटाला गुंडाळत होती, सोडत होती.

निघताना मी एकटा परत आत गेलो. अपराध्याची सवय अशी असते, की सुटका झाली तरी तो दारातून मागं वळून बघतो. मी विचारलं, "मॅडम, अक्षर चुकलं ते कुणाकडं? तिच्याकडं की माझ्याकडं?" त्या म्हणाल्या, "सांगता येत नाही. असे नवे बदल जास्त वेळा वडिलांकडच्या पेशी तयार होताना होतात, एवढं माहीत आहे. पण सर, पेशी अब्जावधी वेळा नकला करतात. कुठंतरी अक्षर चुकतं. ते कुणी केलेलं नसतं." मी आभार मानले. तेवढं एक वाक्य, 'जास्त वेळा वडिलांकडच्या', मी कुणाला सांगितलं नाही. आज इथं पहिल्यांदा लिहितो आहे. अपराधाची जागा रिकामी झाली होती, तिथं बसवायला मला काहीतरी लागत होतं, एवढंच मला आता त्याबद्दल कळतं.

परतीच्या गाडीत बायकोनं जालन्याला चहा मागितला. बाहेरचा चहा ती कधी घेत नाही. चहा हातात धरून म्हणाली, "आबा पाहिजे होते." आबा म्हणजे तिचे वडील, माझे मामा. "शेवटी शेवटी दर खेपेला विचारायचे. तुला आत्याकडं देऊन मी चूक केली का गं? मी म्हणायची, जेवा आधी." मग ती रडली नाही, चहा पिऊन घेतला आणि मला म्हणाली, "आता तरी जरा ताठ बसा. शेजारच्याला वाटायलंय, तुम्ही बिनतिकिटाचे हायत."

मुलगा खिडकीशी होता. मोबाइल हातात होता, पण बोटं चालत नव्हती. मला वाटलं, प्रवासानं दमला.

घरी आल्यावर मी आईला समोर बसवलं. पालकसभेत आईबापांना सांगतो तसं, जमेल तेवढं सोपं करून सांगितलं. "माय, कुणाच्याच रक्तात काही नाही. माझ्या नाही, तिच्या नाही. तू आमची जोडी लावलीस त्याचा काही संबंध नाही. हे असंच नव्यानं झालं. शास्त्रात त्याला डी नोव्हो म्हणतात."

"आन मी न्हाऊ घालताना मोडलं ते?"

"हाडच तसं होतं. तुझ्या हाताचा दोष नाही."

"कुनाचाच न्हाई?"

"कुणाचाच नाही."

आईनं दोन्ही हात मांडीवर उताणे ठेवले आणि बराच वेळ त्यांच्याकडे बघत राहिली. मग मला म्हणाली, "परत म्हण तो शब्द." मी म्हणालो. तिनं तीन-चारदा घोळवला. तिच्या तोंडात तो देवाच्या नावासारखा वाटत होता.

मी शब्दांवर पोट भरणारा माणूस आहे. या शब्दाला मराठीत काय म्हणावं याचा मी त्या आठवड्यात फार विचार केला. नवोद्भव, नवजात, अपूर्व. शाळेतल्या विज्ञानाच्या मॅडमनाही विचारलं. त्यांनी सांगितलं की शब्द लॅटिनमधला आहे, अर्थ 'नव्याने, पहिल्यापासून', आणि प्रयोगशाळांत तो बऱ्याच ठिकाणी वापरतात. पेशीनं एखादी गोष्ट जुन्या तुकड्यांतून न जुळवता मुळापासून बनवली की तिथंही हाच शब्द. मी ते सगळं आवडीनं ऐकलं आणि स्टाफरूममध्ये चारचौघांना सांगितलं. विषय निघाला नसला तरी सांगितलं. माझ्या त्या सांगण्यात 'डी नोव्हो'चा अर्थ एकच होता. आम्ही निर्दोष.

त्याच शनिवारी आई पोखर्णीला गेली. तिथला नरसिंह आमचं कुलदैवत. संध्याकाळी परतली ती पेढ्यांचा पुडा घेऊन. चप्पल काढायच्या आधीच म्हणाली, "पोरीच्या बापानं हो म्हणलं! तारीख काढायला बोलवलंय."

देवळाच्या पायऱ्यांवर ते तिला भेटले होते. त्यांनी तपासणीचं विचारलं. आईनं सांगितलं, "तपासून आलंय. आमच्या रक्तात काई न्हाई. शास्त्रातच तसं लिव्हलंय, डीनोवो." त्यांनी नरसिंहाकडे बघून हात जोडले आणि म्हणाले, "मंग माझी ना न्हाई मावशी. देवाच्या दारात सांगायलात म्हणल्यावर अजून काय पायजे."

आम्ही पेढे खाल्ले. बायकोनं शेजारी वाटले. मी भावकीत पेडगावला दोन फोनही केले. माझा आवाज मलाच मोठा वाटत होता.

मुलगा सेंटर बंद करून आला. आजीनं त्याच्या तोंडात पेढा घातला आणि सगळं सांगितलं. त्यानं पेढा गिळला नाही. गालात तसाच ठेवून विचारलं, "आजी, लेकरांचं काय सांगितलंस?"

"कुनाच्या लेकरांचं?"

"माझ्या."

"रक्तातच न्हाई तर लेकरांत कसं येईल? तुझ्या बापानंच सांगितलं की."

तो माझ्याकडे बघायला लागला. मी नजर चुकवली नाही, कारण मला अजून कळलंच नव्हतं.

"बाबा, तुमच्या रक्तात न्हाई," तो म्हणाला. "आईच्या न्हाई. माझ्या हाय. नव्यानं हाय, पण आता हाय. मला होणाऱ्या प्रत्येक लेकराला अर्धी शक्यता. दोन प्रतींतली कोणती जाईल ते कुणाच्या हातात न्हाई. मॅडमनी पाऊण तास तेच सांगितलं. गोल आणि चौकोन काढले. तुम्ही माझ्या शेजारी बसला होतात."

मी म्हणालो, "पण दोष…"

"दोषाचं विचारायला मी गेलोच नव्हतो. दोषाचं तुम्ही विचारत होतात. मी तिच्या वडिलांच्या प्रश्नाचं उत्तर आणायला गेलो होतो."

मी वर्गात नेहमी सांगतो, की वाक्य पूर्ण वाचा, पूर्णविरामापर्यंत जा. त्या मॅडमनी दिलेलं उदाहरण माझ्याच धंद्यातलं होतं आणि मी ते अर्ध्यावर सोडलं होतं. फळ्यावर बरोबर, वहीत चूक, इथपर्यंत ऐकलं आणि उठलो. त्या वहीवरून जो पुढं उतरवून घेईल तो चूक अगदी प्रामाणिकपणे उतरवून घेईल, हे कुठल्याही शिक्षकाला सांगावं लागत नाही. तपासायच्या वह्यांच्या गठ्ठ्यात एकच चूक ओळीनं सापडते तेव्हा मी पहिली वही कुणाची ते शोधतो. माझ्या मुलाची वही पहिली होती. त्याच्या मागं कुणी नव्हतं, पुढं होतं. तो शब्द माझ्यासाठी शेवट होता आणि त्याच्यासाठी सुरुवात. गाडीत तो दमलेला नव्हता.

"तिला माहीत आहे?" मी विचारलं.

"त्याच दिवशी सांगितलं. ती म्हणाली, गरोदरपणात तपासता येतं, न्हाई तर मूल दत्तक घेऊ, न्हाई तर जसं होईल तसं वाढवू, तू वाढलासच की. वडिलांना ती दिवाळीत घरी गेल्यावर नीट सांगणार होती. त्याच्या आधी आजी पोचली."

आई एवढा वेळ भिंतीला टेकून ऐकत होती. ती म्हणाली, "म्हंजे मी देवाच्या दारात खोटं बोलले का रे?"

"तू खोटं बोलली न्हाईस, आजी. तुला अर्धंच सांगितलं कुणीतरी."

बायको आतून म्हणाली, "कुणीतरी म्हणजे कोण ते पण सांग की. सर म्हणत्यात त्यांना."

मी म्हणालो, "मी उद्या जाऊन सांगतो." मुलगा म्हणाला, "मी येतो." मग स्वतःच म्हणाला, "न्हाई. तुम्हीच जा. मी गेलो तर ते माझ्या पायांकडं बघून दया करतील, न्हाई तर माझ्या तोंडाकडं बघून ना म्हणायला लाजतील. त्यांना मोकळेपणानं ना म्हणता आलं पाहिजे."

हे वाक्य मी त्याला शिकवलेलं नाही. मामाच्या घरात कुणाला मोकळेपणानं ना म्हणता आलं असतं की नाही, याचा मी कधी विचारच केला नव्हता.

आई म्हणाली, "मी बी येते. मीच बोलले, मीच मोडते."

रविवारी सकाळी आम्ही मायलेक परभणीला उतरून पोखर्णीच्या जीपमध्ये बसलो. मी वाटेत वाक्यं जुळवत होतो. खरं सांगायचं तर त्यांतली निम्मी वाक्यं पळवाटेची होती. अर्धी शक्यता म्हणजे अर्धी न होण्याचीही शक्यता. आजकाल औषधं चांगली आहेत. हे सगळं खरंच होतं, पण ते आधी सांगायचं की नंतर, यावर माणूस प्रामाणिक की लबाड ते ठरतं. मी आईला विचारलं, "कुठून सुरू करू?" ती म्हणाली, "पेढे खाल्ले तितून कर."

मुलीचे वडील अंगणात तुरीची डाळ उन्हात घालत होते. मुलगीही घरीच होती, त्याच सकाळी आली होती. पाणी झालं. मी बसल्याबसल्या बोलून टाकलं, नाही तर ते तारखेचं काढतील अशी धास्ती होती. "तुम्हाला आईनं जे सांगितलं ते अर्धं होतं. चूक तिची नाही, मी तिला तेवढंच सांगितलं होतं. आमच्या रक्तात हा आजार नाही, हे खरं. मुलापासून तो सुरू झालाय. त्याच्या प्रत्येक लेकराला तो होण्याची अर्धी शक्यता आहे. तुम्ही जे विचारलं होतं त्याचं उत्तर होय असं आहे. लेकरांत उतरू शकतं."

त्यांनी हातातलं सूप खाली ठेवलं. मला वाटलं, आता ते आईकडे बघतील. ते मुलीकडे बघायला लागले.

"मला ठाऊक होतं, आप्पा," ती म्हणाली.

"मंग बोलली कामून न्हाईस?"

"बोलणार होते. तुमी माझ्या आधी देवळात विचारून आले."

त्यांना राग आला, तो दिसत होता. ते उठले, गोठ्यापर्यंत गेले, तिथल्या लाल कंधारी गाईच्या पाठीवर थोपटत उभे राहिले. मग तिथूनच म्हणाले, "हिच्या आईला एक खोंड झालं होतं. कपाळावर पांढरा चट्टा. गाय लाल, वळू लाल, मागं कुणाला चट्टा न्हाई. आमी म्हणलो, हे कुठून आलं! मंग त्या खोंडाची वासरं झाली, काईंला चट्टा, काईंला न्हाई. तसंच ना सर हे?"

"तसंच."

"चट्ट्यानं काई दुखत नव्हतं पर."

"हो," मी म्हणालो. "याचं दुखतं." आणि मग मी त्यांना सगळं सांगितलं. मांडीचं, दंडाचं, सलाईनचं, शाळेत बेंचवरून उतरताना मोडलेल्या घोट्याचं. काही लपवलं नाही आणि वाढवलंही नाही. माझा अपराध त्या सांगण्यात कुठं येत नव्हता, हे मला नंतर जीपमध्ये लक्षात आलं. पहिल्यांदाच मी त्याची गोष्ट त्याची म्हणून सांगितली होती.

ते परत येऊन बसले. "मावशी," ते आईला म्हणाले, "देवाच्या पायरीवर बोललेलं परत घ्यायला इतक्या लांब आलात."

"पोराची भीती वाटली रे बापा," आई म्हणाली, "देवाची न्हाई वाटली तेवढी."

ते किंचित हसले. मग पुन्हा गंभीर झाले. मी उठायच्या तयारीत होतो. तुम्ही विचार करा, घाई नाही, असं म्हणायला मी तोंड उघडलं, तेवढ्यात त्यांनी विचारलं, "सर, समजा झालंच तसं लेकरू. त्याला उचलायचं कसं?"

मला प्रश्न कळायला क्षणभर लागला.

"न्हाई, लग्नाचं पोरगी बघंल, तिचं ठरल्यालंच दिसायलंय," ते म्हणाले. "माझं मला बघू द्या. बाळंतपणाला ती इतं येणार. माझ्या हातात देणार. ह्या हातानं मी वासरं ओढून काढतो. मला त्याला धरता यायला पायजे का न्हाई?"

खाटेवर एक जुना टॉवेल वाळत होता. मी तो घेतला, गुंडाळला, एका टोकाला गाठ मारून डोकं केलं. एक पंजा मानेखाली, एक खाली, मी दाखवायला लागलो. इतक्या वर्षांनी माझ्या हातांना ते आठवत होतं, पण टॉवेल मधेच वाकला.

"बोटं पसर, बोटं," मागून आई म्हणाली. आणि मग, "दे इकडं. तुला कदी नीट जमलंच न्हाई."

तिनं टॉवेल माझ्याकडून घेतला. अंगणातल्या फरशीवर पाय लांब करून बसली, जशी मोरीत बसायची तशी, आणि तो नडग्यांवर घेतला. त्याला ताणलं नाही, उलटा केला नाही. पसरलेल्या बोटांनी हळूहळू तेल लावल्यासारखं करत ती पोरीच्या बापाला सांगत होती. पाय धरायचा न्हाई, पाय आपला आपण हलू द्यायचा. पाणी कोमट. घाई न्हाई. ते तिच्यासमोर उकिडवे बसून बघत होते आणि ती पोरगीही वाकून बघत होती. मग त्यांनी आपले दोन्ही जाड, भेगाळलेले हात पुढं केले आणि आईनं टॉवेल त्यांच्या हातांत ठेवला.